दुसऱ्यांच्या फिती, आपली गोष्ट

वाचकहो, सिनेमा म्हटला की आपल्या डोळ्यांपुढे नायक-नायिका, गाणी, मारामारी आणि तीन तासांची करमणूक उभी राहते. पण सिनेमाचा आणखी एक प्रकार आहे. त्यात नवे शूटिंग थोडे असते, कधी कधी मुळीच नसते. करणारा माणूस दुसऱ्यांनी काढलेल्या फिती गोळा करतो. कुणाच्या घरगुती समारंभाचे रीळ, कुणाच्या मोबाईलमधला मोर्चा, एखाद्या इमारतीतल्या पाळतीच्या कॅमेऱ्याचे चित्रण, वर्तमानपत्राची कात्रणे, असे जे हाती लागेल ते. मग तो त्यातले तुकडे निवडतो, एकापुढे एक जोडतो, त्यावर आवाज चढवतो. आणि मूळ फितीत कुणाच्या ध्यानात न आलेली गोष्ट त्यातून बाहेर पडते. आपल्या आया-बहिणी जुन्या लुगड्यांचे तुकडे जोडून वाकळ शिवतात, तशातलेच हे काम. कापड जुनेच, ऊब मात्र नवी.

असली वाकळ पडद्यावर शिवणाऱ्या एका बाईंची ओळख आम्ही या वेळी करून देणार आहोत. त्यांचे नाव पायल कपाडिया. २०२४ साली फ्रान्समधल्या कान महोत्सवात त्यांच्या 'ऑल वी इमॅजिन अॅज लाइट' या चित्रपटाला ग्रां प्री हा मोठा सन्मान मिळाला, तेव्हा त्यांचे नाव सगळीकडे झाले. त्या चित्रपटात आपल्या छाया कदम यांनी मुंबईतल्या दवाखान्यात स्वयंपाक करणाऱ्या पार्वतीचे काम केले आहे. पार्वतीचा नवरा गिरणी कामगार होता, तो वारला. ज्या चाळीत तिने संसार केला, तिथे आता बिल्डर टॉवर बांधणार. पण आपण इथेच राहत होतो, हे दाखवायला तिच्याजवळ कागद नाही. ज्यांच्या घरावर अशी वेळ आली आहे त्यांना या गोष्टीचा अर्थ वेगळा सांगायला नको.

पण आम्हांस बोलायचे आहे ते त्यांच्या आधीच्या, २०२१ सालच्या चित्रपटाविषयी. 'अ नाइट ऑफ नोइंग नथिंग' हे त्याचे नाव, म्हणजे काहीच न कळण्याची एक रात्र. त्याच वर्षी कान येथे उत्कृष्ट माहितीपटासाठी दिला जाणारा 'सोनेरी डोळा' हा पुरस्कार त्याला मिळाला. हा चित्रपट आमच्या पानावर यावा असे आम्हांस वाटले, कारण त्याच्या पोटात जात आहे.

पायलताई शिकल्या त्या पुण्याच्या फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूटमध्ये. कोल्हापूरकरांना ही जागा परकी नाही. प्रभात फिल्म कंपनी १९२९ साली आपल्या कोल्हापुरात निघाली आणि १९३३ साली पुण्याला गेली. प्रभातच्या त्याच आवारात सरकारने १९६० साली ही संस्था सुरू केली. २०१५ साली संस्थेच्या अध्यक्षपदाच्या नेमणुकीविरुद्ध विद्यार्थ्यांनी संप पुकारला. तो १३९ दिवस चालला. ऑगस्टमध्ये मध्यरात्री पोलिस आवारात शिरले, काही विद्यार्थ्यांना धरून नेले. पुढे जे खटले झाले त्यात पायलताईंचेही नाव होते.

त्या दिवसांत आणि पुढच्या काही वर्षांत त्यांनी व त्यांचे सहकारी रणबीर दास यांनी स्वतः चित्रण केले, मित्रांनी काढलेले मागून घेतले, घरगुती जुनी रीळे मिळवली. आता हा ढीग जोडायचा कशाने? त्यासाठी त्यांनी पत्रांचा धागा घेतला. संस्थेच्या वसतिगृहातल्या एका खोलीत एका विद्यार्थिनीची पत्रे सापडली, अशी चित्रपटाची सुरुवात आहे. त्या मुलीचे पुरे नाव नाही, नुसते 'एल' हे अक्षर. तिचे एका मुलावर प्रेम आहे. मुलगी खालच्या जातीची म्हणून मुलाच्या घरच्यांना हे लग्न मान्य नाही. मुलगा घरी जातो तो परत येत नाही. एल त्याला पत्रे लिहीत राहते. उत्तर येत नाही.

ही पत्रे चित्रपटासाठी लिहिलेली आहेत, हे आम्ही स्पष्ट सांगतो. एल नावाची अमुक एक मुलगी शोधायला गेलात तर ती सापडणार नाही. पण त्या पत्रांखाली जी दृश्ये सरकतात ती खरी आहेत. पत्र कल्पनेतले, लाठी मात्र खरी. १७ जानेवारी २०१६ रोजी हैदराबाद विद्यापीठातला आपला रोहित वेमुला गेला. त्यानंतर देशभर विद्यार्थी रस्त्यावर उतरले, ती निदर्शने यात आहेत. दिल्लीतली विद्यार्थ्यांची आंदोलने आहेत. एल आपल्या प्रियकराला हे सारे कळवते. कळवता कळवता तिचा त्याच्यावरचा भरवसा ओसरत जातो. सभेत बदलाच्या गोष्टी बोलणे सोपे. आपल्याच उंबऱ्याच्या आत, आपल्याच बापासमोर जातीविरुद्ध उभे राहणे अवघड. हे आपल्या कित्येक लेकी-सुनांना, कॉलेजात शिकणाऱ्या मुलांना अनुभवाने ठाऊक आहे.

आता या जोडणीची खुबी पाहा. चित्रपटाच्या आरंभी मुले-मुली रात्री नाचताना दिसतात. पण नाचाचे गाणे ऐकू येत नाही, ऐकू येते ते एलचे पत्र. तीच मुले वेगळी दिसू लागतात. नाच आनंदाचा, पण पाहणाऱ्याच्या छातीत कळ येते. बहुतेक चित्रपट काळापांढरा आहे. त्यामुळे आजच्या मोबाईलचे चित्रण आणि चाळीस वर्षांपूर्वीचे घरगुती रीळ एकाच घराण्यातले वाटतात. ही गोष्ट काल घडली की आजोबांच्या वेळी, असा पाहणाऱ्याला प्रश्न पडतो. प्रश्न पडावा हाच हेतू आहे. जात काल होती आणि आजही आहे, हे वेगळे भाषण न देता त्यातून कळते.

आणखी एक जागा सांगतो. १५ डिसेंबर २०१९ रोजी दिल्लीच्या जामिया मिलिया विद्यापीठात पोलिस शिरले. वाचनालयात बसलेल्या विद्यार्थ्यांवर लाठ्या चालल्या. ते टिपले कुणी? कुणी पत्रकाराने नव्हे, वाचनालयातल्या पाळतीच्या कॅमेऱ्याने. त्याला आवाज नाही, मन नाही. वरून पाहत राहणे एवढेच त्याला ठाऊक. असली दृश्ये या चित्रपटात आली आहेत. मुलांवर नजर ठेवण्यासाठी जो कॅमेरा बसवला होता, त्याचीच फीत शेवटी मुलांची साक्षीदार झाली. पराव्याच्या हातची काठी काढून घ्यावी, तसे हे झाले.

ही रीत नवी नाही. जवळजवळ शंभर वर्षांपूर्वी रशियात एस्फिर शुब नावाच्या बाई होत्या. त्यांचे काम फिती कापण्याचे व जोडण्याचे. रशियाच्या झारला आपली आणि आपल्या कुटुंबाची चित्रे काढून घेण्याची हौस होती. क्रांतीनंतर ती रीळे तळघरांत, गोदामांत पडून होती. शुबबाईंनी ती धुंडाळली आणि १९२७ साली त्यातून झारच्या घराण्याच्या पतनाचा चित्रपट उभा केला. एका ठिकाणी जहाजावर बडे लोक नाचताहेत, नाचून घामाघूम होताहेत, असे दृश्य आहे. त्याला लागूनच त्यांनी खड्डे खणणाऱ्या घामाघूम शेतकऱ्यांचे दृश्य लावले. दोन्ही रीळे जुनी, दोन्ही खरी. पण शेजारी ठेवल्याबरोबर घाम कुणाचा आणि चैन कुणाची, हे न बोलता कळले. राजाने कौतुकासाठी काढून घेतलेली चित्रे राजावरच उलटली.

आपल्याकडचेही एक उदाहरण घ्या. मुंबईच्या झोपडपट्टीवासीयांवर आनंद पटवर्धन यांनी १९८५ साली 'हमारा शहर' हा माहितीपट काढला. त्यात शाहीर विलास घोगरे गाताना दिसतात. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली, जमलेल्या लोकांवर पोलिसांनी गोळ्या झाडल्या, दहाजण गेले. त्यानंतर काही दिवसांतच विलास घोगरे यांनी आपले जीवन संपवले. पटवर्धनांनी चौदा वर्षे चित्रण करून २०११ साली 'जय भीम कॉम्रेड' पुरा केला. त्यात शाहिरांचे ते जुने चित्रण पुन्हा आले. १९८५ साली पाहणाऱ्याने ते गाणे गरिबीचे गाणे म्हणून ऐकले असेल. २०११ साली ऐकणाऱ्याला गाणारा माणूस आता नाही हे ठाऊक होते. फीत तीच, पण तिचा अर्थ बदलला. फीत जपून ठेवली नसती तर शाहिरांचा आवाज कुठून आणला असता?

इथेच आमच्या सांगण्याचे मर्म आहे. जोडणारा कितीही हुशार असो, जोडायला मुळात तुकडा लागतो. आणि तुकडा कुणी तरी काढून, कुणी तरी जपून ठेवावा लागतो.

या बाबतीत कोल्हापूरची कहाणी मोठी बोलकी आहे. कलामहर्षी बाबूराव पेंटर यांनी इथेच कॅमेरा तयार केला आणि महाराष्ट्र फिल्म कंपनी काढली. त्यांचा 'सैरंध्री' १९२० सालच्या फेब्रुवारीत पडद्यावर आला. त्याच वर्षी मार्चच्या २१ आणि २२ तारखेला कोल्हापूरजवळ माणगावला परिषद भरली. तरुण बाबासाहेब अध्यक्ष होते. राजर्षी शाहू महाराज स्वतः आले आणि यापुढे हेच तुमचे पुढारी, असे त्यांनी लोकांना सांगितले. म्हणजे कॅमेरा कोल्हापुरात होता आणि इतिहास काही मैलांवर घडत होता. पण त्या परिषदेचे हलते चित्र आम्ही कधी पाहिलेले नाही. कॅमेऱ्याचे तोंड तेव्हा पुराणकथेकडे होते.

बाबूरावांनीच १९२५ साली 'सावकारी पाश' काढला. सावकाराने नाडलेला शेतकरी जमीन गमावून मुंबईच्या गिरणीत जातो, अशी त्याची कथा. आपल्यासारख्या कष्टकऱ्यांना पडद्यावर आणणारा तो मूकपट आज पाहायला मिळत नाही. जुन्या काळातली रीळे नायट्रेटची, ठिणगी पडली की भडकणारी. कित्येक जळली, कित्येक सडली, कित्येक त्यातली चांदी काढून घेण्यासाठी मोडली. देशात हजाराहून अधिक मूकपट निघाले, त्यातले फार थोडे उरले आहेत.

पण एक फीत उरली, ती का उरली ते ऐका. ६ डिसेंबर १९५६ रोजी बाबासाहेबांचे दिल्लीत महापरिनिर्वाण झाले. दुसऱ्या दिवशी मुंबईत लाखो लोकांचा महासागर राजगृहापासून दादर चौपाटीकडे निघाला. कोल्हापूरच्या चित्रसृष्टीत वावरलेले लेखक-दिग्दर्शक नामदेव व्हटकर यांच्या मनाने घेतले की हे टिपलेच पाहिजे. फिल्म विकत घ्यायची, कॅमेरा आणायचा, कॅमेरावाला आणायचा, म्हणजे पैसा हवा. त्यासाठी त्यांनी आपला छापखाना गहाण टाकला असे सांगतात. त्यांच्या धडपडीतून ती अंत्ययात्रा फितीवर आली. ज्या पिढीने बाबासाहेबांना पाहिले नाही तिने ती गर्दी, ते रडणारे चेहरे, ती फुलांनी भरलेली गाडी पाहिली ती अशा फितीतून. पुढे कितीतरी माहितीपटांत, दूरदर्शनवर, आता मोबाईलवर ती दृश्ये फिरत राहिली. त्यावर कुणी गाणे चढवतो, कुणी भाषण. पण जोडणाऱ्यांपैकी कितीजण व्हटकरांचे नाव घेतात? पाहणाऱ्यांपैकी कितीजणांना ते ठाऊक आहे? व्हटकरांनी 'कथा माझ्या जन्माची' हे आत्मकथन लिहून ठेवले आहे. आपल्या घरातल्या तरुणांनी ते मिळवून वाचावे.

जोडणी हे दुधारी हत्यार आहे, हेही विसरून चालणार नाही. तुकडे शेजारी ठेवून सत्य बाहेर काढता येते, तसे खोटेही रचता येते. शांततेने चाललेल्या मिरवणुकीच्या चित्राला दुसरीकडचा दगडफेकीचा तुकडा चिकटवला की पाहणारा फसतो. मोबाईलवर असे तुकडे रोज येतात. ते पुढे पाठवण्याआधी तीन प्रश्न विचारावेत. हे कुणी काढले? कधी काढले? कुठे काढले? उत्तर नसेल तर बोट आवरावे. बुद्धांनी कालामांना सांगितले होते की ऐकीव आहे म्हणून मानू नका, स्वतः पारखून घ्या. तो उपदेश मोबाईललाही लागू आहे.

पायलताईंच्या चित्रपटाविषयी आमचे एक म्हणणेही आहे. एलचे दुःख आपल्याला कळते, पण तिचे घर, तिची वस्ती, तिला शिकवण्यासाठी राबलेले तिचे आईबाप यांच्याविषयी फारसे कळत नाही. ती एका अक्षरापुरती राहते. ही उणीव दाखवून आम्ही त्यांचे श्रेय कमी करीत नाही. परक्या फिती गोळा करून त्यांनी जातीचा प्रश्न जगाच्या पडद्यावर नेला, हे मोठेच काम आहे. पण एलचे घर दाखवणारी फीत त्यांच्याजवळ नसणारच. ती असलीच तर तुमच्या-आमच्या घरात आहे. शेजारच्या सांगली जिल्ह्यातले सोमनाथ वाघमारे यांनी भीमा कोरेगाववर आणि २०२३ साली 'चैत्यभूमी'वर माहितीपट काढले. आपली मुले कॅमेरा हाती घेऊ लागली आहेत. उद्या त्यांना तुकडे लागणार आहेत.

म्हणून माता-भगिनींना आमचे सांगणे आहे. घरातले जुने ट्रंक, कपाटाचा वरचा कप्पा एकदा उघडून पाहा. कुठे लग्नाची व्हिडिओ कॅसेट असेल. त्यात वऱ्हाडाच्या मागे तेव्हाची वस्ती दिसेल, पत्र्याची घरे, पाण्याचा नळ, आता हयात नसलेली आजी दिसेल. कुठे चौदा एप्रिलच्या बिंदू चौकातल्या मिरवणुकीचे चित्रण असेल, कुठे विहाराच्या पायाभरणीचे. व्हीसीआर गेला म्हणून कॅसेट भंगारात घालू नका. कोल्हापूरच्या पावसाने कॅसेटच्या फितीवर बुरशी धरते. पांढरी बुरशी दिसली तर ती मशीनमध्ये घालून चालवू नका, फीत तुटेल आणि मशीनही बिघडेल. जाणत्या दुकानदाराकडून साफ करून तिची डिजिटल प्रत काढून घ्या. प्रत दोन ठिकाणी ठेवा, एक आपल्या घरी, एक बहिणीच्या किंवा मुलाच्या घरी. प्रत निघाली तरी मूळ कॅसेट फेकू नका. ती कोरड्या जागी, उभी ठेवा.

मोबाईलवरच्या चित्रणाचेही तसेच. व्हॉट्सअॅपवरून पाठवले की चित्र बारीक होते, त्याचा कस जातो. मूळ चित्रण मोबाईलमधून काढून वेगळे साठवा. आणि सर्वांत महत्त्वाचे म्हणजे नावे लिहा. कुठला प्रसंग, कोणते साल, कोणते गाव, ओळीत कोण कोण उभे आहेत, चित्रण कुणी केले. हे काम म्हातारी माणसे हयात आहेत तोवरच होते. नातवंडाने वही घेऊन आजोबांच्या शेजारी बसावे, कॅसेट लावावी आणि विचारावे. एका रविवारी एक कॅसेट झाली तरी पुष्कळ.

आणि एक पथ्य पाळा. कुणाच्या घरातले दुःखाचे, आजारपणाचे, बायकांच्या खाजगी क्षणाचे चित्रण त्यांना विचारल्याशिवाय कुणालाही देऊ नका. आपल्याजवळ आहे म्हणून ते आपले होत नाही.

पार्वतीजवळ कागद नव्हता, म्हणून तिच्या साऱ्या आयुष्याला पुरावा उरला नाही. ज्यांचे सातबारे नव्हते, ज्यांची नावे बखरींत नव्हती, अशा आपल्या माणसांचा पुरावा लग्नाच्या कॅसेटमध्ये, जयंतीच्या चित्रणात, मोबाईलच्या एका तुकड्यात असू शकतो. उद्या कुणी पायल, कुणी सोमनाथ, किंवा आपल्याच वस्तीतली एखादी मुलगी ते तुकडे जोडायला बसेल. तिच्या हाती द्यायला काही तरी असले पाहिजे. ते आजच बाजूला काढून ठेवा, त्यावर नाव घाला.

जयभीम.